भिक्षूला पाणी कुणी दिलं?

पूर्णा, मार्च १९५७

प्रिय दादा,

खुशाली विचारत नाही. राग आलाय, तो आधी ऐक.

परवा इथे रेल्वेच्या चाळीमागे तंबू लावला. आपल्या आबांचाच तो जुना मुका सिनेमा, मठ सोडून दीनदुबळ्यांत राहायला गेलेल्या बौद्ध भिक्षूचा. आमचे हे यंत्र फिरवत होते आणि आबांच्या जागी पडद्याशेजारी उभी राहून मी गोष्ट सांगत होते. नुकतीच दीक्षा घेतलेली सगळी वस्ती आली होती. धुरपताबाई नातवंडं घेऊन पुढेच बसलेली. अस्पृश्य पोरगी विहिरीवर भिक्षूला पाणी पाजते, ते बघायलाच आले होते सगळे. 'आता ती घागर कलती करते,' असं मी आवाज चढवून म्हणाले, आणि पडद्यावर भिक्षू ओठ पुसत चालू लागला! पोरगी नाही, घागर नाही. धुरपताबाई उठून म्हणाली, 'बाई, आमच्या पोरीचं पाणी तुमाला बी चालंना का वो?'

घरी रीळ तपासलं. तेवढा तुकडा कापून दोन टोकं जोडलेली, पण सांधा बोटाला लागतसुद्धा नाही. आबांनी दोघांनाही शिकवलं, पण माझा सांधा यंत्रात गेला की सुटतो. असा जोडावा तर तूच. म्हणून दिवाळीत 'साफ करून देतो' म्हणत रिळं सेलूला नेलीस होय!

अरे, ती पोरगी म्हणजे आपली आई. तिचा दुसरा फोटोसुद्धा नाही आपल्याकडे. ती गेली तेव्हा तू जेवेनास, म्हणून तंबू रिकामा झाला की आबा तेवढाच तुकडा पुन्हा फिरवायचे आणि तू पडद्याला हात लावून बसायचास. त्याच हाताने कातरी चालवलीस? लाज कशी वाटली नाही रे तुला?

काल तुझ्या पंडितच्या साखरपुड्याचं आमंत्रण आलं आणि सगळा उलगडा झाला. जिनिंगवाल्या व्यंकटरावांची मुलगी तुझ्या घरी येणार. सेलूत खेळ लागला की त्या जागी 'ही आमची आई' असं मी सांगणार, आबा सांगायचे तसंच. व्याह्यांना ते कळायला नको होतं तुला. आई सिनेमात होती, आणि तीही त्या पोरीच्या सोंगात! तुकडा ठेवला असशील तर साखरपुड्याआधी पाठव. जाळला असशील तर मी येतेच. भर पंगतीत उभी राहून तो प्रसंग सांगेन, तंबूत सांगते तसा, मोठ्याने. आणि पाणी धुरपताबाई वाढेल. तिला विचारलंय, येते म्हणाली.

तुझीच, आणि आईचीही,
कोकिळा