टीव्हीपुढे उभ्या राहिलो आम्ही

प्रिय छकुले,

गुरुवारी टीव्हीवर तुझा नवा भाग बघायला माझ्याकडे सगळ्यांत आधी कोण टपकलं असेल, सांग बघू! चर्चच्या घंटेवाल्याची बायको. तुझा पहिला भाग लागल्यापासून जी माझ्या बाकावर बसेनाशी झाली होती, तीच. तू टीव्हीवर म्हणालीस ना, बायबलमधली ती पडलेली भिंत आपण समजतो त्या काळातली दिसत नाही म्हणून? झालं, जणू मीच कुदळ घेऊन ती पाडली! तिच्यामागून शिंपीणबाई आली आणि मग काठी टेकत पाळकसाहेबांची आई. तिघींच्या काखेत बायबल, त्यात खुणेच्या चिठ्ठ्या. नात चुकली की जागच्या जागी धरायची, असा बेत. मी म्हटलं, धरा बायांनो, पण आधी चहा घ्या.

तू बायबलची एवढी पंडित, पण मला तुझं निम्मं बोलणं कळत नाही गं. ते जुने राजे माझ्या डोक्यात एकमेकांच्या अंगावर पडतात. तू हातात घेतेस ते मात्र कळतं. लहानपणी माझ्या कुंड्या उकरून फुटक्या कपाचा कान काढलास आणि विचारलंस, "आजी, यातून कोण प्यायचं?" आजोबा म्हणाले, ही पोरगी एक रोप जगू द्यायची नाही. या भागातही तश्शीच उकिडवी बसली होतीस, नाकाला माती, पुढ्यात उकरून काढलेली हजारो वर्षांपूर्वीची चूल. काठावर उमटलेली बोटं दाखवून म्हणालीस, "ही बाई कोण होती, मला माहीत नाही." शिंपीणबाई हळूच म्हणाली, "चटके बसले असतील गं तिलाही."

खरी गंमत पुढेच. तू बायबलमधला उतारा वाचायला घेतलास. आपल्या चर्चमध्ये वाचन सुरू झालं की उठायचं, ते अंगात इतकं मुरलेलं की पाळकसाहेबांची आई काठी सावरत उठलीच! मग आम्हीही. चौघी म्हाताऱ्या टीव्हीपुढे ताठ उभ्या, हातात चहाचे कप. वाचन संपलं तरी बसा म्हणायला कोणी नाही. शेवटी घंटेवाल्याची बायको म्हणते, "अगं, आपण हिला धरायला आलो होतो ना?" हसून हसून पोट दुखलं बघ. चिठ्ठ्या राहिल्या तिथल्या तिथे. पाळकसाहेबांची आई म्हणाली, "भिंतीचं मला अजून पटलेलं नाही हं. पण पोरगी वाचते मात्र जपून." आणि रविवारी घंटेवाल्याची बायको मुकाट्यानं माझ्या शेजारी येऊन बसली. देवाचे आभार मानू की तुझे, सुचेना. दोघांचे मानले.

आता खरं सांगते. एरवी मला सही करायचाही कंटाळा, पण तुझी आई काल फोनवर म्हणाली, आजीला आपल्यामुळे लोकांनी दूर केलं म्हणून तू टीव्हीवाल्यांना पुढच्या भागांसाठी नकार कळवणार आहेस. माझ्यापायी नाही म्हणू नकोस, बाळा. दूर बिर कोणी केलेलं नाही आता. उलट बसायला खुर्च्या पुरायच्या नाहीत, शिंपीणबाई सुनेलाही आणणार आहे. गुरुवारी येतो म्हणाल्यात सगळ्या.

तुझीच, गुडघे धरून उठणारी
आजी