हाताच्या मापाचा दोरा

मँचेस्टर, १८ जानेवारी १९६६

सौ. मैनेस तुह्या महादेवचे मनापासून आशीर्वाद.

मी बरा आहो. थंडी लय, पण खोली गरम असते. बाबांचा खोकला थांबला का?

चूक माहीच. मी लिहिलं, प्रयोगशाळेत धातूचं कडं बनवून राहिलो. तुमाले वाटलं सोन्याचं, तुह्यासाठी. अवं, ते डोळ्याले दिसतही नाही. लोखंडाचा एक अणू अन् कार्बनचे चार, यांनी हात धरून फेर धरायचा. जराशी हवा लागली का हात सुटतात. अकरा महिने रोज हेच करून राहिलो. थकलो आता.

आईनं हिवरखेडभर सांगितलंच असल. सांगू दे.

तू पाकिटात हाताच्या मापाचा दोरा पाठवला. गाठ मारून मी तो टेबलावर गोल ठेवला अन् पाहतच राहिलो. निघतानी अकोल्याले मीच तुले बांगड्या भरून देल्या होत्या, अडीचच्या. हा दोरा तं सव्वादोनचाही नाही.

एवढी वाळली कावून? जेवत नाहीस का?

आईले म्हण, कड्याले अजून वेळ हाय. तू मात्र नवा दोरा पाठवजो, याच्याहून लांब. कापून लांब नाही, जेवून.

तुहा,
महादेव