विरहनृत्याचे सतरा टेक

स्वस्ति श्री. अभिलेखविभागशिरोमणी, धूलिधूसरफाइलचक्रवर्ती, अखंडब्रह्मचर्यकुलभूषण, नूतननृत्यपटप्रवर्तक, वय वर्षे एकोणपन्नास (दिसत नाही), अशा मी ही रोजनिशी केवळ स्वतःसाठी आरंभिली आहे.

३ मार्च
संकल्प : कार्यालयाच्या ग्रंथपालबाईंपुढे नृत्यपटाद्वारे हृदय उघडे करणे. नायक मी, नायिका त्या. तो व्याकुळ, ती झिडकारते, अखेरीस जवळ ओढते. निमित्त, वार्षिक संमेलन. कॅमेरा भाच्याचा. बाई म्हणाल्या, भाचे असतील तर येते. कुलीन संकोच!

८ मार्च
ग्रंथालयात शूटिंग. भाचा म्हणाला, मामा, सिनेमा क्रमाने शूट होत नसतो, आधी नकार उरकू. बाईंनी माझ्या छातीवर दोन्ही हात ठेवून ढकलायचे, मी कोसळायचे. सतरा टेक. अकराव्यात नव्या जोडीतला डावा बूट उडून सर्वांत उंच कपाटावर गेला. भाच्याने विचारले, दमलात का? बाई म्हणाल्या, छे हो, अजून दहा घ्या की! केवढी कलानिष्ठा.

१५ मार्च
स्वीकाराचे दृश्य. बाई अनुपस्थित, डोके दुखते. भाचाही अनुपस्थित, योगायोगाने त्याचेही दुखते. दोघांना बाम पाठवला.

२२ मार्च
डोकी अद्याप दुखतातच. मला दिव्य युक्ती स्फुरली : अकरावा टेक उलटा फिरवणे! आता मी जमिनीवरून उसळून थेट त्यांच्या तळहातांना चिकटतो. बूटही कपाटावरून आपणहून पायात येतो. पाहताना भाच्याने तोंडात रुमाल कोंबला, डोळ्यांत पाणी. कला पोहोचली.

३० मार्च
संमेलन. बूट पायात शिरताच सभागृह हशा-टाळ्यांनी दणाणले. शिपाई ओरडला, पुन्हा लावा! तीनदा लावले. नंतर बाई व भाचा हसत आले. बाई म्हणाल्या, साहेब... आता मामाच म्हणायला हवं, आमचं लग्न ठरलंय. भाचा म्हणाला, मामा, तुम्ही पडलात की ही अशी काही हसायची, तिथंच मी घसरलो. बाईंनी विनंती केली, लग्नात दाखवायला सुलट फिल्म द्या. पाहुण्यांचा गैरसमज नको.
आशीर्वाद दिला. आवाज बसला होता. एसीमुळे.

१२ एप्रिल
वस्तुतः हे स्थळ मी भाच्यासाठीच पारखत होतो. फक्त लक्षात आजच आले. मामेसासरेपद भारदस्त आहे.
परंतु बूट अद्याप कपाटावरच. शिडीच्या खोलीची किल्ली बाईंकडे, बाई लग्नाच्या रजेवर. कार्यालयास लेखी अर्ज केला. उत्तर आले : शिडी केवळ पुस्तकांसाठी आहे. उजव्या बुटास मी रोज पॉलिश करतो. पण लग्न रविवारी आहे, आणि एका बुटावर जायचे कसे?