अडॅप्टरची अदलाबदल

द्वारका, दिल्ली. रविवार संध्याकाळ

बाबांचं रेसिंग गेमचं स्टिअरिंग सुरू झालं, आणि मलाच तोंड लपवावंसं वाटतंय. चालू केलं की ते आधी आपोआप डावी-उजवीकडे फिरतं. गुरुवारपासून नुसता दिवा लागायचा, फिरायचं नाही. मी नीट बघितलंसुद्धा नाही. सरळ म्हणाले, "बाबा, तुम्हीच बिघडवलंत. तुमचा हात फार जड पडतो आता." का बोलले असं?

त्यांनी वाद घातला नाही. शुक्रवारी खऱ्या गाडीची किल्ली माझ्यापुढे ठेवली. "तूच ठेव बेटा. माझा भरवसा नाही." चाळीस वर्षं दिल्लीत गाडी चालवलेला माणूस! आणि मला, खरं सांगायचं तर, हायसंच वाटलं. किल्ली लगेच पर्समध्ये टाकली.

आज जुना राउटर भंगारात द्यायला काढला, तर त्याच्या पिशवीत स्टिअरिंगचा अडॅप्टर! बुधवारच्या साफसफाईत राउटरचा अडॅप्टर मीच स्टिअरिंगला लावला होता. बदलला. स्टिअरिंग डावी-उजवीकडे फिरलं.

बाबांना सगळं सांगितलं. ते हसले. "अच्छा! म्हणजे हात ठीक आहे माझा."

मग माझ्या पर्सकडे बघत राहिले.

मी म्हणाले, "चहा टाकते."