ड्राय फोर्कचा टपालखांब

ती. हेस्टरताईस, धाकट्या एल्विनचा वाळूसकट नमस्कार.

घर, विहिरीचा रहाट, कोंबड्यांचं खुराडं (कोंबड्या कायोटी कोल्ह्याने नेल्या, खुराडं शाबूत आहे) आणि हे लिहितोय ते टेबल, एवढं मी कोणाकडे न शिकता या हातांनी केलं. टेबल तसूभरही डुगडुगत नाही. तुझे गुडघे कसे आहेत? इथे चौघंही खुशाल, म्हणजे अख्खी वस्तीच खुशाल.

तर टपालखांब. मेलगाडी इथे थांबत नाही. रुळाशेजारच्या खांबाला पिशवी टांगायची, धावत्या डब्यातला कारकून ती आकड्याने ओढून घेतो. जुना खांब वाऱ्याने पडला, आणि वरून कळवलं की खांब नसेल तर टपालच बंद. मग टपाल सांभाळणाऱ्या ओपलबाई कॅन्ससला भावाकडे जाणार. मी म्हटलं, खांब मी करतो.

"करा, पण खुराड्यासारखा नको," त्या म्हणाल्या.

रुळांखालच्या जुन्या लाकडी स्लीपरांचा केला. ओळंब्यात केसाचा फरक नाही. हलू नये म्हणून तार ताणून टपालघराच्या पडवीला बांधली, आणि पिशवीला माझी गाठ मारली. पिशवी सुटायला हवी असते, हे तेवढं डोक्यात आलं नाही. आकडा बसला. पिशवी सुटेना, गाडी थांबेना. पिशवी, तिच्यामागे खांब, खांबामागे पडवीचं छप्पर, अशी वरात पश्चिमेला निघाली. खाली शेंगा सोलत बसलेल्या ओपलबाई खुर्चीसकट जागेवर राहिल्या.

"एल्विन, ऊन लागतंय हो," एवढंच म्हणाल्या.

रूळ तपासणाऱ्या म्हाताऱ्या गसने खांब ट्रॉलीवर घालून परत आणला. "काम पक्कं आहे तुझं," म्हणाला, "पार खिंडीपर्यंत गेला, पण मोडला नाही."

शुक्रवारी शेवटची परीक्षा. पिशवी गेली तर टपाल राहील, नाही तर ओपलबाई जातील. खांब पुन्हा उभा केलाय. तार नाही.

तुझा,
एल्विन

ता. क. शुक्रवारी सकाळी ये. सैल गाठीचा सराव करतोय, पण हात ऐकत नाहीत, प्रत्येक गाठ पक्कीच बसते. तुझी मात्र लहानपणापासून आपोआप सुटते (बकरी किती वेळा पळाली). तेव्हा हसलो ते विसर. जंक्शनवरून गस ट्रॉलीत घेऊन येईल. मी बोलावलं म्हणू नकोस, सहज आले म्हण.

ता. क. दुसरा. त्या दिवशी मी खांबाजवळ फिरकू नये म्हणून ओपलबाई मला शहरात सिनेमाला पाठवत होत्या, भाडं आणि जेवण धरून. गाडी जाईल तेव्हा मला त्यांच्या शेजारी उभं राहायचंय, हे काही मी बोललो नाही. नको, एवढंच म्हणालो. चार डॉलर देत होत्या.