शेवटी येणारं नाव

ब्रिस्टल, नोव्हेंबर २००८

ती. बाबांना,

काल माझी मालिका संपली, तेव्हाही लेस्टरला तुम्ही शेजाऱ्यांना उठू दिलं नसणार. "थांबा हो, प्रोड्यूसरचं नाव शेवटी येतं." मी निर्माती झाल्यापासून तुमचं हेच चालू आहे. नंतर फोनवर म्हणालात, "अक्षया, नाव झकास दिसलं. मेहताकाकांनी तर टाळ्या वाजवल्या."

बाबा, चॅनेलने मला उन्हाळ्यातच काढून टाकलं. काल पडद्यावर माझ्या जागी आलेल्या माणसाचं नाव होतं. मी फोनवर "हो का," एवढंच म्हणाले.

पुढची मालिका कधी, हे तुम्ही दर वेळी विचारता. काल विचारलं नाहीत, म्हणजे पडद्यावरचं नाव तुम्ही नीट वाचलंत. म्हणून हे पत्र पाठवत नाही. ख्रिसमसला घरी येईन, तेव्हा आपण टीव्ही लावायला नको.

तुमची,
अक्षया