वन्संना, मागच्या सीटवरून

ती. वन्सं यांना त्यांच्या एकुलत्या एक भावजयीचा वाकून नमस्कार.

तुमची कंबर आता कशी आहे? तो नवा पट्टा बांधता, की कपाटात घडी घालून ठेवलात? (ठेवलाच असणार. तुमच्या माहेरच्या सगळ्यांना औषध आणायची हौस दांडगी, घ्यायचं म्हटलं की तोंड फिरतं.) आमच्याकडे सगळं उत्तम आहे. हे आधीच लिहून टाकते, कारण माझं पत्र आलं की तुम्ही आधी घाबरता आणि मग चष्मा शोधता. तर चष्मा सावकाश शोधा. तुमचे धाकटे बंधू ठणठणीत आहेत, आणि ते तसे का आहेत हे सांगायलाच हे पत्र.

आपण भेटलो तेव्हा तुम्ही स्पष्ट म्हणाला होतात, की त्या सायकल सहलीचं खूळ डोक्यातून काढ. मी तेव्हा मान हलवली होती. पण वन्सं, मान हलवणं आणि ऐकणं यांत फरक आहे, हे इतकी वर्षं या घरात राहून मी तुमच्याकडूनच शिकले. ह्यांच्या छातीचं ते सगळं होऊन गेल्यावर डॉक्टर म्हणाले होते, दुरुस्ती झाली आहे, आता माणूस वापरायला काढा. पण माणूस वापरात येईना. सकाळी उठायचं, खिडकीजवळच्या खुर्चीत बसायचं आणि आपल्याच मनगटावर बोटं ठेवून नाडी बघायची, एखादी वस्तू उसनी आणल्यासारखी. पाणीपुरवठा खात्यात जन्म काढलेला माणूस, कुठे नळ गळताना दिसला तर परक्याच्या घरात शिरून वॉशर बदलायचा. त्याच्या कानाशी आमच्या न्हाणीघरातला नळ महिनाभर टपटपत होता आणि ह्यांनी मान वर करून पाहिलं नाही. मला त्या टपटपीचीच भीती वाटायला लागली होती. म्हणून मी नाव नोंदवलं. दिवसभराची सहल, सपाट रस्ता, वाटेत दोन गावं, शेवटी डोंगराच्या पायथ्याशी जुन्या वस्तीचे अवशेष, बरोबर वाट दाखवणारी बाई. डॉक्टरांना विचारलं, ते म्हणाले, सावकाश जा. (त्यांना फोनवरून घाईत विचारलं, पण विचारलं.)

आता एक बारीकशी अडचण होती, ती म्हणजे मला सायकल येत नाही. तुम्ही हसू नका. अर्ध्या शहराला मी मोटार चालवायला शिकवलं आहे, आमच्या ड्रायव्हिंग स्कूलची पाटी बघून लोक वाटेतून बाजूला होतात, पण सायकलवर बसायचा प्रसंग कधी आला नाही. हे फोनवर सांगणं मला बरं दिसेना, म्हणून मी म्हटलं की वाहनांचा मला दांडगा अनुभव आहे, मात्र यजमानांना एकटं सोडायचं नाही. त्यावर त्यांनी आम्हाला दोघांनी मिळून चालवायची एक लांबलचक सायकल दिली. पुढे एक सीट, मागे एक, पायडल चार. अर्थात मी पुढच्या सीटकडे निघाले. तेव्हा वाट दाखवणाऱ्या बाईंनी (सडपातळ, उन्हाने रापलेल्या, गळ्यात कायम शिट्टी, त्यामुळे आम्ही त्यांना शिट्टीबाईच म्हणायला लागलो) मला थोडा वेळ न्याहाळलं आणि म्हणाल्या, "काकू, तुम्ही मागे बसा. काकांना पुढे बसू दे."

वन्सं, मागच्या सीटपुढे एक हँडल असतं. ते वळत नाही. त्याला ब्रेक नसतो, घंटासुद्धा नसते. ते फक्त धरायला दिलेलं असतं, रडणाऱ्या मुलाच्या हातात खुळखुळा द्यावा तसं. माझं आयुष्य शेजारच्या सीटवर गेलं हे खरं, पण आमच्या शिकवायच्या गाडीत माझ्याही पायाखाली एक ब्रेक असतो, आणि त्या ब्रेकच्या जोरावरच मी एवढी शांत स्वभावाची म्हणून प्रसिद्ध आहे. इथे समोर ह्यांची पाठ, पुढचं काही दिसेना आणि पायाखाली नुसतं पायडल. पहिल्याच उतारावर माझा पाय सवयीने ब्रेक दाबायला गेला. दाबला तो पायडलवर. सायकल जोरात सुटली. मी घाबरून आणखी जोरात दाबला. ती आणखी सुटली. पुढून ह्यांचा आवाज आला, "अगं, केवढा जोर लावतेस! दमशील!" बाकीची चार तरुण माणसं होती, त्यांना आम्ही उतारावर मागे टाकलं. शिट्टीबाई शिट्टी वाजवत आमच्या मागून येत होत्या. खाली पोचल्यावर त्या धापा टाकत म्हणाल्या, की काका-काकूंनी एवढी घाई करायची गरज नाही. मी म्हटलं, आम्हाला सावकाश जायची सवय नाही. दुसरं काय सांगणार?

पहिल्या गावात रस्ता इतका चिंचोळा, की दोन्ही बाजूंच्या ओट्यांवरच्या बायका बसल्या जागेवरून एकमेकींना सुई-दोरा देत होत्या. त्यात मधोमध एक ट्रॅक्टर ट्रॉलीसकट आडवा अडकलेला. चालकाला मागे घेता येईना, आणि गावातला प्रत्येक माणूस त्याला वेगवेगळ्या दिशेला हात करून दाखवत होता. अशा वेळी मला गप्प बसवत नाही. मी सायकलवरून उतरले (म्हणजे ह्यांनी ती तिरकी केली आणि मी खाली आले), पुढे गेले आणि माझ्या नेहमीच्या आवाजात म्हटलं, "स्टिअरिंग सोडा! आधी आरशात बघा!" तो माणूस वळला, मला पाहिलं आणि त्याचा चेहराच उतरला. "मॅडम?" म्हणाला, आणि ट्रॅक्टर बंद पडला. माझाच विद्यार्थी होता, वन्सं. परीक्षेत पुन्हापुन्हा नापास झालेला आणि शेवटी शहर सोडून गेलेला. तो कुठे गेला असेल म्हणून मला अधूनमधून काळजी वाटायची. इथे गावात येऊन सुखात होता, तर मी सायकलवरून दत्त म्हणून पुढे उभी. पुढची हकीकत थोडक्यात सांगते. मी त्याला शास्त्रशुद्ध सूचना दिल्या, त्याने त्या शास्त्रशुद्ध उलट्या ऐकल्या आणि ट्रॉलीने एका घराचं कुंपण हळूच आडवं केलं. कुंपणामागे भोपळे रचलेले होते. ते उतारावरून एकेक करत निघाले आणि सगळं गाव त्यांच्यामागे धावलं. मात्र रस्ता मोकळा झाला, हे कुणीही नाकारू शकत नाही. मी मागे वळून पाहिलं, तर हे सायकलला टेकून हसत होते. तोंडावर हात वगैरे न ठेवता, पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. इतक्या महिन्यांत मी तो आवाज ऐकला नव्हता. त्या गडबडीत मला रडू आलं, पण धूळ बरीच उडाली होती, त्यामुळे कुणाला कळलं नाही. (कुंपण आम्ही सगळ्यांनी मिळून उभं करून दिलं. घरधनीण म्हणाली, नाहीतरी पडायलाच आलं होतं. भली बाई.)

दुपारी आम्ही त्या अवशेषांपाशी पोचलो. तिथे गाडीरस्ता संपतो, पुढे पायवाट, आणि मग एकदम उघड्यावर पडक्या भिंती, मोडके खांब आणि मध्ये एक मोठा दगडी हौद, पायऱ्या-पायऱ्यांचा, तळाशी हिरवं पाणी. शिट्टीबाई राजांची नावं सांगू लागल्या. तरुण मंडळी एकमेकांचे फोटो काढू लागली. मी झाडाखाली बसून ह्यांच्या गोळ्यांची डबी काढली, पाणी काढलं, हाक मारली. उत्तर नाही. पुन्हा हाक मारली. मग उठून हौदाच्या काठाशी गेले, तर काठावर ह्यांचे बूट, बुटांत नीट खोचलेले मोजे आणि शेजारी टोपी.

माणूस नाही.

वन्सं, त्या क्षणाबद्दल मी जास्त लिहीत नाही. पाणी इतकं हिरवं होतं, की त्याला तळ आहे की नाही ते कळत नव्हतं. मी फक्त एवढंच म्हणेन, की ऊन फार होतं आणि मला पाण्यात पाय भिजवावेसे वाटले, म्हणून मी पायऱ्या उतरून आत गेले. जरा घाईने गेले. बूट, चष्मा, डोक्यावरचं हेल्मेट, खांद्यावरची पिशवी, सगळ्यासकट गेले. पाणी गुडघ्याइतकंच निघालं. मी मध्यभागी उभी राहून त्यांना नावाने हाक मारली. (होय, नावाने. लग्नानंतर पहिल्यांदाच. आणि पंचक्रोशीला ऐकू जाईल अशी.)

तेव्हा भिंतीतून आवाज आला. "अगं, इकडे ये! उतार बघ काय सुंदर दिलाय!"

हौदाच्या एका कोपऱ्यात, पाण्याच्या वर, एक भोक होतं, माणूस वाकून शिरेल एवढं. त्यातून आधी दोन हात आले, मग चिखलाने माखलेलं डोकं, आणि मग तुमचे बंधू. डोंगरातून पाणी आणणारं जुनं भुयार होतं ते. हे अनवाणी आत शिरून, रांगत, हाताने चाचपत ते कुठून येतं हे बघत होते. चेहऱ्यावर चिखल आणि त्यातून दात तेवढे दिसत होते. मला म्हणाले, की कुठेही पंप नाही, काही नाही, नुसत्या उतारावर पाणी इथवर आणलंय, आत एक दगड ढासळलाय म्हणून धार अडली, तो मी सरकवलाय, बघ आता. आणि खरोखर त्यांच्या मागून बोटाएवढी धार आली, गढूळ, मग जरा स्वच्छ, आणि हौदात पडायला लागली. शिट्टीबाई राजांची नावं विसरून बघत राहिल्या. तरुण मंडळींनी टाळ्या वाजवल्या. मी हौदात उभी राहून तोंडाला येईल ते बोलले. लिहिण्यासारखं त्यात काही नाही. माझं सगळं ऐकून झाल्यावर हे म्हणाले, "तू पाण्यात कशाला उतरलीस? तुला पोहता येत नाही."

मी म्हटलं, माहीत आहे.

मग ते पाण्यात उतरले आणि माझा हात धरून मला पायरीवर बसवलं.

परतीचं सांगून संपवते. मी ह्यांच्या काळजीपोटी, ह्यांना न कळू देता, शिट्टीबाईंशी ठरवून एक जीप मागून यायला सांगून ठेवली होती. परतीला दम लागलाच तर बसवून आणायला. जीप आली. त्यात मी बसले. हे बसले नाहीत. ती लांबलचक सायकल एकटेच घेऊन निघाले. सबंध रस्ताभर मी काचेतून त्यांची पाठ बघत होते, शर्टावर वाळलेला चिखल, मागची सीट रिकामी, आणि एका चढावर तर त्यांनी मागे न बघता हात काढून आमच्या जीपला पुढे जायची खूण केली. मी चालकाला सांगितलं, मुळीच पुढे जायचं नाही. हात दाखवायची पद्धत मात्र अगदी बिनचूक होती. मीच शिकवली आहे.

तर अशी सहल निर्विघ्न पार पडली. तुमचं म्हणणं मोडलं याबद्दल रागावू नका. रागावायचंच असेल तर प्रत्यक्ष येऊन रागवा, तेवढीच भेट होईल. घरात मोठ्यांना नमस्कार, आणि लहानांपैकी जो कुणी हे पत्र तुम्हाला वाचून दाखवत असेल त्याने कंसातला मजकूरही वाचावा.

तुमची
भावजय

ता. क. आमच्या घरात कुणाच्या तरी पायाला प्लास्टर घातलंय असं तुमच्या कानावर येईल. ते माझं आहे. हौदाची शेवटची पायरी शेवाळलेली होती. सध्या मी खिडकीजवळच्या खुर्चीत असते. न्हाणीघरातला नळ आता गळत नाही.

ता. क. मुख्य गोष्ट राहिली. वन्सं, तुम्ही रोज संध्याकाळी फोन करून ह्यांना विचारता, दम लागतो का, जिना चढलास का, छातीत भरून येतं का. तुम्ही आईच्या मागे ह्यांना लहानाचं मोठं केलंत, तुम्ही नाही विचारणार तर कोण? पण परवा तुमचा फोन ठेवल्यावर हे जे गप्प झाले, ते जेवायलाही उठेनात. तुम्हाला असं सांगायची माझी पायरी नाही, म्हणून इतकी पानं खर्च केली. फोन बंद करू नका. फक्त छातीचं विचारू नका. आज कुठे गेला होतास, एवढंच विचारा.

ता. क. बाकीच्या दिवशी तुमचा फोन मीच उचलून ते झोपलेत असं तुम्हाला सांगितलं, ते खोटं होतं. ते घरात नसतात. चहा पिऊन निघतात ते दिवे लागल्यावर येतात, गुडघ्याला चिखल असतो आणि मला विचारलं तर नुसतं हसतात. तेव्हा तुम्ही विचारालच, तर काय सांगतात ते मला लगेच कळवा.